नौपाड्यातलं पीएफटी सेंटर: फुंकवून घेणारं माणूस चांगलं असलं की रिपोर्टही खरा येतो

छातीच्या डॉक्टरांनी पीएफटी, म्हणजे फुंकून करायची फुप्फुसांची टेस्ट, लिहून दिलीय आणि ठाण्यात कुठे करायची हा प्रश्न असेल तर इथे या, हे आधीच सांगून टाकते. गोखले रोडच्या आतल्या गल्लीत पहिल्या मजल्यावर आहे, जागा छोटी, रिसेप्शन अगदी साधं, एसी आहे पण बसायला खुर्च्या कमी. दिसायला यापेक्षा चकाचक सेंटरं ठाण्यात पैशाला पासरी आहेत. पण ही टेस्ट अशी आहे ना की मशीन कितीही महागाचं असू दे, बाजूला उभं राहून फुंकवून घेणारं माणूस जर नीट नसेल तर कागदावर येतो तो आकडा निव्वळ बिनकामाचा. आणि ते माणूस इथे आहे. म्हणून एवढं लांबलचक लिहितेय, जमलं तर पूर्ण वाचा, टेस्टला जायच्या आधी उपयोग होईल.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, पीएफटी म्हणजे फुप्फुसांची काम करण्याची ताकद मोजायची टेस्ट, आणि त्यातली सगळ्यात कॉमन ती स्पायरोमेट्री. रक्त द्यायचं असलं की सुई टोचली आपलं काम संपलं, एक्स-रेला दोन सेकंद श्वास धरला की संपलं. इथे तसं नाही, इथे पेशंटनेच जीव तोडून फुंकायचं असतं. नाकाला चिमटा लावतात, तोंडात नळी, छाती गच्च भरेपर्यंत श्वास आत घ्यायचा आणि मग एकदम जोरात सोडायचा, आणि सोडतच राहायचा, आत काही उरलं नाही असं वाटलं तरी सोडत राहायचा. मशीन यातून मुख्य दोन गोष्टी मोजतं. एक, सगळा मिळून किती लिटर हवा बाहेर आली, त्याला एफव्हीसी म्हणतात. दुसरी, पहिल्या एका सेकंदात त्यातली किती आली, ती एफईव्ही-१. आणि या दोघांचं गुणोत्तर. बस, ऐंशी टक्के गोष्ट या तीन आकड्यांत असते, बाकी रिपोर्टवर जे वीस-पंचवीस रकाने छापलेले असतात ते बघून घाबरायचं काही कारण नाही.

अजून एक, कोविडच्या काळात घरोघरी ते तीन रंगीत गोळ्यांचं प्लास्टिकचं यंत्र आलं होतं ना, त्यालाही लोक स्पायरोमीटरच म्हणतात आणि "आमच्याकडे आहे की, तिन्ही गोळ्या वर जातात" असं सांगतात. ते व्यायामाचं साधन आहे, त्यात तर हवा आत ओढायची असते. त्यावरून दमा आहे की सीओपीडी (धूर-धुळीने श्वासनळ्या कायमच्या अरुंद होण्याचा आजार) आहे काही कळत नाही. तसंच बोटाला लावायचं ऑक्सिमीटर. ऑक्सिजन ९७ दाखवतो म्हणून फुप्फुसं ठणठणीत असं नसतं, श्वासनळ्या चांगल्यापैकी अरुंद झालेल्या असतानाही बसल्या जागी ऑक्सिजन नॉर्मल येऊ शकतो. आमच्या घरी हेच चाललेलं, अप्पा (म्हणजे माझे सासरे, वय ६८) जिना चढून आले की धापा टाकायचे आणि मग बोट पुढे करून "बघ, ९७ आहे" म्हणायचे.

अप्पांची सगळी नोकरी वागळे इस्टेटमध्ये गेली, ग्राइंडिंगच्या खात्यात, वर बिडी. बिडी आता सुटलीय. पण सकाळचा खोकला आणि चालताना दम लागणं वाढतच होतं म्हणून डॉक्टरांनी पीएफटी लिहून दिली. पहिली आम्ही घराजवळच्या एका लॅबमध्ये केली, नाव लिहीत नाही, पण तिथे काय झालं ते सांगणं भाग आहे कारण त्याशिवाय या सेंटरची किंमत कळणार नाही.

तिथे उंची मोजलीच नाही, विचारली. अप्पांनी आठवत होती ती सांगितली, १७० सेंटीमीटर. मग एका मुलाने नळी हातात दिली, "जोरसे फुंको अंकल" म्हणाला आणि स्क्रीनकडे बघत बसला. अप्पांनी फुंकलं, दोन सेकंदांत खोकला आला, नळी बाजूला केली, मुलगा म्हणाला "हो गया". असंच अजून एकदा, आणि रिपोर्ट हातात. एफव्हीसी १.६२ लिटर, म्हणजे अपेक्षेच्या ५१ टक्के, एफईव्ही-१ १.२८, गुणोत्तर ०.७९. खाली कॉम्प्युटरने आपोआप छापलेली ओळ, रिस्ट्रिक्शन असण्याची शक्यता, म्हणजे फुप्फुसं आकसलेली असू शकतात. घरी येऊन नवऱ्याने गुगल केलं आणि रात्रभर घरात फायब्रोसिस (फुप्फुसं चिवट होऊन आकसण्याचा आजार) फायब्रोसिस सुरू. सासूबाई तर रडायलाच लागल्या.

डॉक्टरांनी तो कागद बघितला, म्हणजे आकडे बघितलेच नाहीत, आधी आलेख बघितला आणि म्हणाले ही टेस्टच झालेली नाही, परत करा, आणि या सेंटरचा पत्ता दिला.

आता इथला अनुभव. सकाळची अपॉइंटमेंट होती, आम्ही जरा लवकरच पोचलो, तर टेक्निशियन ताई एक मोठी पारदर्शक सिरिंज मशीनला जोडून दांडा मागेपुढे करत होत्या, सावकाश, मग मध्यम, मग जोरात. मी विचारलं हे काय, तर म्हणाल्या ही बरोबर ३ लिटरची सिरिंज आहे, रोज सकाळी मशीन ३ लिटरला ३ लिटरच दाखवतंय ना ते बघायचं, ३ टक्क्यांपर्यंत फरक चालतो, जास्त आला तर पेशंट घ्यायचा नाही. ठाण्यात किती ठिकाणी हे रोज होत असेल देव जाणे, मी तरी पहिल्यांदाच बघितलं.

मग अप्पांना बूट काढून भिंतीला टेकवून उभं केलं, टाचा, पाठ, डोकं भिंतीला, आणि उंची आली १६४. वय झालं की माणूस खुजा होतो हे आपल्याला माहीत असतं पण इथे त्याने केवढा फरक पडतो बघा, तुमची एफव्हीसी किती असायला हवी हा आकडा मशीन वय, उंची आणि स्त्री की पुरुष यावरून काढतं, उंची १७० टाकली तर अपेक्षा ३.१५ लिटर, १६४ टाकली तर २.९०. म्हणजे माणूस तोच, फुंकही तीच, पण टक्केवारी उगाचच कमी दिसणार. कोणी उंची तोंडी विचारून लिहून घेत असेल तर तिथेच सांगा की मोजा. ज्यांच्या पाठीला बाक आलाय त्यांचे दोन्ही हात आडवे पसरून लांबी मोजतात आणि त्यावरून उंचीचा अंदाज घेतात, हेही ताईंनीच सांगितलं.

त्यानंतर प्रश्न. नुकतं मोतीबिंदूचं किंवा दुसरं काही ऑपरेशन झालंय का, पोटाचं, छातीचं, हार्ट अटॅक येऊन गेला का, थुंकीतून रक्त पडलं का, खूप दिवसांचा खोकला आणि ताप आहे का, टीबीची तपासणी झालीय का, आज सकाळी इन्हेलर घेतला का. जोरात फुंकताना डोळ्यांवर, पोटावर, हृदयावर दाब येतो म्हणून हे विचारायलाच हवं, आणि टीबी चालू असेल तर मागून येणाऱ्या पेशंटला धोका. नळीचा फिल्टर आमच्यासमोर नवीन पाकीट फोडून लावला. हे कुठेही गेलात तरी बघाच, फिल्टर नवीन आहे का.

आणि मग मुख्य गोष्ट. ताईंनी आधी स्वतः नळीशिवाय करून दाखवलं. श्वास कसा भरायचा, खांदे वर जाईपर्यंत, मग मध्ये न थांबता एकदम कसा सोडायचा. अप्पांना हात असलेल्या खुर्चीत ताठ बसवलं, कवळी घट्ट आहे का विचारलं, घट्ट असेल तर राहू दे, सैल असेल तर काढा म्हणाल्या, कारण ओठांच्या कडेने हवा निसटली की संपलंच. आणि मग सुरू झालं, "काका, ओठ घट्ट, नळीवर दात ठेवा, आता घ्या घ्या घ्या, अजून घ्या, पोट फुटेपर्यंत घ्या, आणि सोऽऽडा! सोडा सोडा सोडा, अजून आहे काका, अजून आहे, थांबू नका, पिळून काढा, अजून, अजून, अजून, हां, आता आत ओढा एकदम!" बाहेर बसलेली माणसं दचकून दाराकडे बघत होती. एवढ्या बारक्या चणीच्या ताई, पण आवाज असा की अप्पांची फुंक मध्येच तुटायची काय बिशाद.

पहिली फुंक गेली, खोकला आला. दुसरीला सुरुवात हळू झाली, ताई म्हणाल्या ही नाही धरायची. पाणी दिलं, दोन-तीन मिनिटं बसू दिलं, चक्कर येते का विचारलं, मग परत. नियम असा आहे की किमान तीन फुंका नीट यायला हव्यात आणि त्यातल्या सगळ्यात चांगल्या दोन फुंकांमध्ये १५० मिलीपेक्षा जास्त फरक नको, तरच तो आकडा खरा धरायचा, आणि मोठ्या माणसाला साधारण आठच्या वर फुंकायला लावत नाहीत कारण मग माणूस दमतो आणि आकडे खालीच येतात. हे सगळं घाई करून होत नाही. रिपोर्टवर या दर्जाचं अक्षर असतं, ए, बी, सी असं, ए म्हणजे विश्वास ठेवा. आमच्या आधीच्या रिपोर्टवर एफ होतं. एफ! कोपऱ्यात बारीक छापलेलं, आणि तरीही खाली रिस्ट्रिक्शन लिहून कागद दिला होता त्या लोकांनी. मला याचा अजूनही राग येतो, कारण चुकीचा रिपोर्ट हा रिपोर्ट नसण्यापेक्षा वाईट, लोक त्यावर रात्री काढतात, औषधं घेतात.

आता या सेंटरचा निकाल बघा. एफव्हीसी २.६१ लिटर, म्हणजे अपेक्षेच्या ९० टक्के, चक्क नॉर्मल. एफईव्ही-१ १.४०, अपेक्षा २.२५ ची, म्हणजे ६२ टक्के. गुणोत्तर ०.५४. पहिल्या लॅबचं नेमकं उलटं! हे कसं झालं ते समजून घ्या कारण यातच सगळी मेख आहे. अप्पांच्या नळ्या अरुंद झाल्यात, हवा आत भरपूर जाते पण बाहेर यायला वेळ लागतो. धडधाकट माणूस साधारण तीन-चतुर्थांश किंवा जास्त हवा पहिल्याच सेकंदात सोडतो, अप्पांची जेमतेम निम्मी येते आणि उरलेली पुढे दहा-बारा सेकंद चिटुकपिटुक येत राहते. दोन सेकंदांत नळी काढली तर ती उरलेली हवा मोजलीच जात नाही, एकूण आकडा खोटा लहान येतो, आणि एकूण लहान झालं की गुणोत्तर आपोआप चांगलं दिसतं. म्हणजे अडथळा लपला आणि फुप्फुसं आकसलीत असं खोटं चित्र उभं राहिलं. सगळं फक्त "अजून आहे काका, थांबू नका" हे कोणी म्हटलं नाही म्हणून.

ताईंनी स्क्रीन आमच्याकडे वळवून आलेख दाखवला, हेही कोणी करत नाही. आडव्या रेघेवर लिटर, उभीवर वेग. चांगल्या माणसाचा आलेख सुरुवातीलाच टोकदार वर जातो आणि मग जवळजवळ सरळ तिरका उतरतो. अप्पांचा वर गेला तो लगेच कोसळला आणि मग झोळीसारखा खोलगट होऊन हळूहळू शेवटाला पोचला. एकदा बघितलं की विसरत नाही. शेजारी दुसरा आलेख असतो, वेळ आणि लिटरचा, तो शेवटी सपाट झाला पाहिजे, म्हणजे हवा खरंच संपली. वर चढत असतानाच मध्येच तुटलाय असं दिसलं तर समजायचं की पेशंट आधीच थांबला. आमच्या जुन्या रिपोर्टमध्ये तसाच तुटलेला होता, आता आपल्यालाही कळतं.

मग औषध देऊन परत. सालब्युटामॉल, आपल्याकडे अस्थालिन म्हणून ओळखतात ते, स्पेसर (पंपाला जोडायचा प्लास्टिकचा पोकळ नळा) लावून एकेक करून ४ पफ, एकूण ४०० मायक्रोग्रॅम, आणि मग १५-२० मिनिटं बाहेर बसायचं. हात थोडे थरथरतात, धडधड होते, ते उतरतं, घाबरू नका. परत फुंकायचं, परत तेवढ्याच जोराने. अप्पांची एफईव्ही-१ १.४० वरून १.४९ झाली, ९० मिलीचा फरक, सहा टक्क्यांच्या आसपास. जुना नियम असा होता की १२ टक्के आणि २०० मिली दोन्ही वाढलं तर औषधाने नळ्या उघडल्या असं म्हणायचं, २०२२ पासूनच्या नव्या नियमात तुमच्या अपेक्षित आकड्याच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त वाढ धरतात. अप्पांचं कुठल्याच नियमात बसत नाही. औषधानंतरही गुणोत्तर ०.५५, म्हणजे ०.७० च्या बरंच खाली, तेव्हा डॉक्टरांनी लक्षणं, बिडी, कारखान्यातली धूळ सगळं धरून सीओपीडी सांगितलं, आणि एफईव्ही-१ औषधानंतर ६६ टक्के म्हणून मध्यम, ५० ते ७९ च्या गटातलं.

इथे एक गोष्ट मला महत्त्वाची वाटली. औषधाने आकडा फार वाढला नाही म्हणजे इन्हेलरचा उपयोग नाही असा अर्थ अजिबात नाही. अप्पा तेच म्हणायला लागले होते, "मग कशाला ओढायचा तो पंप?" डॉक्टरांनी समजावलं की ही वाढ निदानासाठी बघतात, इन्हेलरचा फायदा दम कमी लागण्यात, झटके कमी येण्यात दिसतो. अप्पा आता न चुकता घेतात आणि तलावपाळीला एक फेरी न थांबता मारतात, आधी तीन वेळा कठड्यावर बसायचे.

ते ०.७० चं पण जरा लक्षात ठेवा, वय वाढलं की गुणोत्तर तसंही घसरतं, त्यामुळे सत्तरी-पंचाहत्तरीच्या निरोगी माणसाचं ०.६८ आलं तर लगेच सीओपीडीचा शिक्का मारता येत नाही, आणि उलट तिशीतल्या माणसाचं ०.७२ आलं तरी ते त्याच्या वयाला कमी असू शकतं. म्हणून नव्या रिपोर्टमध्ये एलएलएन नावाचा रकाना असतो, नॉर्मलची खालची हद्द, आणि झेड-स्कोअर. झेड-स्कोअर उणे १.६४ च्या खाली गेला तर तुमच्यासारख्याच वयाच्या-उंचीच्या निरोगी लोकांमधल्या सगळ्यात खालच्या ५ टक्क्यांत तुम्ही आलात. टक्केवारीपेक्षा हा आकडा बघावा असं आता सांगतात, आणि "८० टक्क्यांच्या वर म्हणजे पास" हा हिशोब सोडून द्यावा. या सेंटरच्या रिपोर्टमध्ये दोन्ही रकाने आहेत, पहिल्या लॅबच्या रिपोर्टमध्ये नव्हते.

मुलाची टेस्टही नंतर इथेच केली, तो १२ वर्षांचा, घोडबंदरला राहतो आम्ही आणि मेट्रोच्या कामाची धूळ काय आहे ते तिकडच्या लोकांना सांगायला नको. रात्रीचा खोकला, खेळताना शिट्टीसारखा आवाज. त्याला स्क्रीनवर मेणबत्त्या विझवायचा खेळ लावून दिला आणि गडी खुशीत फुंकत बसला. एफईव्ही-१ १.७०, औषधानंतर २.०२, सरळ ३२० मिलीची वाढ, म्हणजे नळ्या आवळलेल्या होत्या आणि औषधाने उघडल्या. दमा. पण डॉक्टरांनी हेही बजावलं की दम्यात ज्या दिवशी त्रास नसतो त्या दिवशी टेस्ट अगदी नॉर्मल येऊ शकते, तेव्हा नॉर्मल रिपोर्ट हातात आला म्हणून मुलाचा इन्हेलर परस्पर बंद करू नका. माझ्या ओळखीतल्या किती आया हे करतात. घरी आता पीक फ्लो मीटर (फुंक किती जोराची ते मोजायचं छोटं यंत्र) आहे, मुलाचा स्वतःचा सगळ्यात चांगला आकडा लिहून ठेवलाय, ८० टक्क्यांच्या वर हिरवा, ५० ते ८० पिवळा, ५० च्या खाली लाल म्हणजे धावपळ.

अजून एक विचारून घ्यायची गोष्ट, तुमची टक्केवारी कुणाशी तुलना करून काढली. रिपोर्टच्या वरच्या बाजूला रेफरन्स म्हणून लिहिलेलं असतं. गोऱ्या युरोपियन लोकांचे आकडे लावले तर आपल्या माणसांची टक्केवारी सरसकट कमी येते, भारतीय आकडे लावले तर वेगळी, आणि आता वंश न बघणारा जागतिक आकडाही आलाय. लिटर तेच राहतात, टक्के बदलतात. म्हणून दोन सेंटरचे रिपोर्ट शेजारी ठेवलेत तर लिटर लिटरशी ताडून बघा, आणि शक्यतो दरवर्षी एकाच ठिकाणी करा. तिशीनंतर वय वाढेल तशी एफईव्ही-१ प्रत्येकाचीच वर्षाला साधारण २५-३० मिली कमी होते, बिडी-सिगारेट ओढणाऱ्याची त्याहून भराभर. त्यामुळे एका रिपोर्टपेक्षा दोन-तीन वर्षांचे रिपोर्ट एकत्र बघितले की जास्त कळतं.

डीएलसीओ पण इथे होते. ती स्पायरोमेट्रीपेक्षा वेगळी, त्यात फुंकायचा जोर नाही, अगदी थोडा कार्बन मोनॉक्साइड असलेली हवा आत घेऊन १० सेकंद श्वास धरायचा आणि सोडायचा, त्यावरून फुप्फुसांतून रक्तात वायू किती चांगला जातो ते कळतं. वायू ऐकून घाबरू नका, प्रमाण अगदी कमी असतं. माझ्या कोपरीच्या आत्याची यामुळेच गाडी रुळावर आली. तिच्या खिडकीच्या ग्रिलमध्ये कबुतरांचं बिऱ्हाड, रोज दाणे टाकायची. तिचं गुणोत्तर छान, ०.८४, पण एफव्हीसी कमी आणि डीएलसीओ तर फारच कमी, चार पावलं चालली की ऑक्सिजन खाली. पुढे सीटी स्कॅनमध्ये कबुतरांच्या विष्ठेमुळे-पिसांमुळे होणारा फुप्फुसांचा आजार निघाला. लक्षात घ्या, एकट्या स्पायरोमेट्रीवरून फुप्फुसं आकसलीत हे पक्कं म्हणता येत नाही, त्यासाठी आतली एकूण हवा मोजायला लागते आणि ती काचेच्या पेटीत बसून होणारी टेस्ट इथे नाही, मोठ्या हॉस्पिटलला जावं लागतं. हे सेंटरवाल्यांनी स्वतःहून सांगितलं, उगाच काहीतरी छापून दिलं नाही, हे मला आवडलं. आणि डीएलसीओ करायची असेल तर हिमोग्लोबिनचा ताजा रिपोर्ट घेऊन जा, रक्त कमी असलं की हा आकडाही कमी येतो, त्यासाठी दुरुस्ती करावी लागते.

आता खटकलेलं. वेटिंगच्या जागेत रूम फ्रेशनर! दर थोड्या वेळाने आपोआप फुस्स करणारा, लॅव्हेंडरचा. जिथे सगळे दम्याचे आणि खोकल्याचे पेशंट बसतात तिथे हा लावायची कल्पना कुणाची? अप्पांना तिथेच ठसका लागला. मी सांगितल्यावर बंद केला, पण पुढच्या वेळी गेलो तर परत चालू. कृपया तो काढूनच टाका, मनापासून विनंती आहे. दुसरं, रिपोर्ट आणि टेस्टच्या आधीच्या सूचना सगळ्या इंग्रजीत. ताई तोंडी सगळं मराठीत इतकं सुंदर समजावतात, मग तेच एका पानावर मराठीत छापून द्यायला काय हरकत आहे, ज्यांच्याबरोबर शिकलेलं कोणी येत नाही त्या म्हाताऱ्या माणसांनी काय करायचं? तिसरं, लिफ्ट नाही. पहिला मजला असला तरी दम लागणाऱ्या माणसाला वीस पायऱ्या म्हणजे डोंगर, वर आल्यावर किमान दहा मिनिटं बसू द्या आणि मगच आत घ्या, घाईच्या वेळी हे होत नाही. पार्किंगचं तर नौपाड्यात बोलायलाच नको, स्टेशनपासून रिक्षाने या.

पैसे स्पायरोमेट्रीचे औषधाआधी-औषधानंतर धरून दीड हजार घेतले, डीएलसीओचे वेगळे. रिपोर्ट त्याच दिवशी मिळतो पण छातीच्या डॉक्टरांची सही होऊन यायला संध्याकाळ होते, आणि सहीसाठी थांबाच, कॉम्प्युटरने छापलेली ओळ घेऊन घरी जाऊ नका.

जाण्याआधी एवढं करा. सकाळची वेळ घ्या, शनिवार टाळा, फार गर्दी असते. पोटभर जेवून जाऊ नका, दोन तास आधी हलकं काही. घट्ट कपडे, घट्ट पट्टा नको. तासभर आधीपासून बिडी-सिगारेट नाही, पळापळ नाही. अस्थालिनसारखा पटकन काम करणारा इन्हेलर ४ ते ६ तास आधी बंद, सकाळ-संध्याकाळचा असतो तो साधारण २४ तास आणि काही त्याहून जास्त, पण हे आपल्या डॉक्टरांना विचारूनच, आणि त्रास झाला तर सरळ घ्या इन्हेलर आणि ताईंना सांगा कधी घेतला, त्या रिपोर्टवर लिहितात. जुने रिपोर्ट असतील तसे घेऊन जा, चुकलेले असले तरी. फोन करून वेळ घेताना विचारा की त्या ताई आहेत का, त्यांच्या सुट्टीच्या दिवशी दुसरा मुलगा असतो, तोही चांगला आहे पण नवीन आहे, म्हाताऱ्या माणसांना आणि लहान मुलांना ताई असतील त्याच दिवशी न्या.